तीन परक्या भाषांचे बोल

एका राज्यात प्रेमाचा शब्दच उरला नव्हता. हेमलेखेने धूम्रकेश मांत्रिकाला नाकारून वीरकेतू राजाला वरले, त्या रागाने मांत्रिकाने साऱ्या प्रजेच्या जिभेवरून तो शब्द उचलला आणि आपल्या झोळीत कोंडला. आयांना लेकरांपाशी मन उघड करता येईना. राजा तर झुरून झुरून चांदीचा पुतळा झाला.

एके सकाळी लाल शेपटीचा राखाडी पोपट राणीच्या खिडकीत उतरला.

"राणी, मांत्रिकाने फक्त तुमच्या भाषेला कुलूप घातले आहे. माझ्या आफ्रिकेतल्या भाषा त्याला येत नाहीत. तिथले तोच अर्थ सांगणारे तीन बोल आण, म्हणजे राजा जिवंत होईल. मात्र कुणीतरी आपल्या माणसाला ते मनापासून म्हणताना तू ऐकले पाहिजेस."

हेमलेखा निघाली. स्वाहिली बोलणाऱ्यांच्या किनाऱ्यावर तिने वादळात होडी घातली आणि बुडणारा नाविक ओढून आणला. त्याच्या गळ्यात पडून त्याची बायको म्हणाली, "नाकुपेंडा!"

झुलूंच्या डोंगरात तिने एका तरुणाला पडलेला अजगराचा विळखा तलवारीने तोडला. सुटलेल्या भावाला कवटाळून त्याची बहीण नोम्वुला म्हणाली, "न्गियाकुथांडा!"

इग्बोंच्या गावी मात्र ना वादळ, ना अजगर. ओबियागेली नावाची म्हातारी आंधळ्या नवऱ्याला घास भरवत होती. भरवता भरवता पुटपुटली, "अहुरु म गी न'आन्या."

"याचा अर्थ काय, आजी?"

"तू माझ्या डोळ्यांना दिसलास."

"पण त्यांना तर दिसत नाही!"

म्हातारी हसली. "मला दिसते ना!"

राणी परतली तेव्हा धूम्रकेश पुतळ्यापाशीच उभा होता. तिने पहिला बोल उच्चारला. राजाच्या पायांत रक्त खेळू लागले. दुसरा उच्चारला; छाती धडधडू लागली. मांत्रिक तो बोल हिसकायला धावला, पण त्याची जीभ पहिल्याच अक्षरात अडखळली. हेमलेखेने त्याच्याकडे पाहिलेही नाही. ती चांदीच्या डोळ्यांत पाहत राहिली, आणि तिसरा बोल तिने अगदी हळू म्हटला.

त्या डोळ्यांत जीव आला. झोळी टर्रकन फाटली, कोंडलेला शब्द घरोघर उडाला आणि धूम्रकेशाची मूठभर राख झाली.

"हेमलेखा," राजा म्हणाला, "काय म्हणालीस? आपल्या भाषेत सांग."

"माझे तुमच्यावर प्रेम आहे, महाराज."

बाहेर पहारेकरी भाले टाकून आपापल्या घराकडे धावत सुटले होते. त्या दिवशी त्यांना कुणीही अडवले नाही.