गेनू, कासव आणि कानपिळी

कृष्णाकाठच्या एका गावात एक भोळा गडी राहायचा. त्याचं नाव गेनू. भोळा म्हणजे किती? आईनं सांगितलं, "गेनू, दुधावर नजर ठेव." यानं ठेवली. दूध उतू गेलं, चूल विझली, हा आपला टक लावून बघतोय. आई परत आली आणि तिनं कपाळावर हात मारून घेतला. गेनू म्हणाला, "आये, नजर हलवली न्हाई हां!"

असल्या पोराला मुलगी कोण देणार? आलेली पाहुणेमंडळी चहा पिऊन जायची ती जायचीच. शेवटी नदीपलीकडच्या ज्योतीरामच्या कौसाचं स्थळ आलं. गेनूनं कौसाला जत्रेत पाहिलं होतं. तेव्हापासून त्याला घास गोड लागत नव्हता. आई म्हणाली, "बाबा रे, हे स्थळ मोडलं तर जन्मभर माझ्याच हातची भाकरी खाशील." गेनूनं हातातला तुकडा खाली ठेवला. आईची भाकरी नेहमी करपायची.

ज्योतीराम घर बघायला येणार होता, त्या सकाळी गेनू चुलत्याबरोबर नदीवर जाळं काढायला गेला. चुलत्याला सगळे रामूअण्णा म्हणायचे. जाळ्यात मासे कमीच, पण एक भलंमोठं कासव अडकलेलं. मऊ पाठीचं, चपटं, पुढं नळीसारखं नाक. आता गेनूनं कासव पाहिलेलं ते देवळातलं, गाभाऱ्यासमोरचं, दगडाचं. त्याच्यापुढं माणूस काय करतो? गेनूनं चपला काढल्या. वाकला. कासवाच्या डोक्याला हात लावला. तो हात काही कपाळापर्यंत आला नाही.

"आयाया! अण्णा, देव चावला!"

कासवानं बोटाला चावा घेऊन सोडलंसुद्धा. अण्णा धावत आले. "आरं येड्या, ही काय दगडाची मूर्ती हाय व्हय? ह्याची मान लई लांब. पाठीवर मागं वळून चावतंय ते! तोंडाशी जायचंच न्हाई. मागनं जायचं. मागच्या पायांजवळ दोन्ही बाजूंनी, दोन्ही हातांनी घट्ट धरायचं, अंगापासून लांब. शेपूट वढायची न्हाई. आन् उताणं कधी ठेवायचं न्हाई. पोट खाली, पाठ वर!"

अण्णांनी तसंच धरून कासव नदीत सोडलं. गेनूनं साबणानं बोट धुतलं, फडकं बांधलं आणि अण्णांचं बोलणं पक्कं ध्यानात ठेवलं.

दुपारी आई म्हणाली, "गेनू, पाव्हणं यष्टीनं उतरत्याल. जा, घिऊन ये."

ज्योतीराम एसटीतून उतरला. पांढरा फेटा, मोठ्या मिशा. गेनू तोंडाशी गेलाच नाही. लांबून वळसा घालून मागनं आला, दोन्ही बाजूंनी कंबर धरली, उचलला आणि हात लांब करून चालायला लागला.

"आरं कोन हाय? सोड! आरं खाली ठेव!"

"वळवळू नका मामा, पडाल."

गावातनं अशी वरात निघाली. कुत्री मागे, लोक हसतायत, आणि ज्योतीरामचे पाय हवेत. दारात आईनं हे पाहिलं आणि तिच्या हातातला तांब्याच पडला. पण गंमत ऐका. ज्योतीरामची कंबर वर्षभर धरलेली होती. गेनूनं उचलल्यावर आतून काड्‌कन आवाज आला आणि ती मोकळी झाली. ज्योतीराम अंगणात दोनदा वाकून बघतो, तर कंबर वाकतेय! म्हणाला, "पोराच्या हाताला गुण हाय!"

जेवण झालं. ज्योतीराम ओसरीवर घोंगडीवर आडवा झाला, उताणा. डोळा लागला. गेनूनं बघितलं आणि त्याचा जीव कळवळला. गेला आणि पाहुण्याला पालथा केला. ज्योतीराम दचकून उठला.

"आता काय?"

"पोट खाली, पाठ वर, मामा. उताणं बरं नसतंय."

ज्योतीरामला वाटलं, हाही कंबरेचाच इलाज. मुकाट्यानं पालथा झोपला आणि उठल्यावर सुपारी फोडून गेला!

आईला हसावं की रडावं कळेना. तो गेल्यावर तिनं गेनूला समोर बसवलं. "असं पाव्हण्याला मागनं धरत्यात व्हय रं? आपल्याकडं कुणी आलं की पुढनं सामोरं जायचं. हसून या म्हणायचं. हात हातात घ्यायचा." गेनूनं हेही पक्कं ध्यानात ठेवलं. आता बोला!

लग्नाच्या आदल्या आठवड्यात जाळ्यात पुन्हा कासव आलं. गेनू पुढनं सामोरा गेला. हसला. "या, या, बरं केलंत आलात." आणि हात पुढं केला.

कासवानं अंगठा धरला. या खेपेला सोडायचं नावच नाही. गेनू नाचतोय, हात झटकतोय, ओढतोय, आणि कासव जास्तच आवळतंय. अण्णा ओरडले, "वढू नकोस! वढलं की आणखी दाबतंय. गप उभा ऱ्हा. आता हात कासवासकट पाण्यात घाल. पाण्यात गेलं की त्याला पळायला वाट दिसती, मग सोडतंय."

गेनूनं हात पाण्यात घातला. गप उभा राहिला. थोड्या वेळानं कासवानं अंगठा सोडला.

"आता मागनं धर," अण्णा म्हणाले, "तोंड खोल पाण्याकडं कर आन् अलगद सोड. आन् चल दवाखान्यात, सुई टोचून घ्यायला पायजे."

दवाखान्यातनं येताना अण्णांनी बजावलं, "गेनू, न्हाई ते डोकं लग्नात चालवू नकोस. मी शिकवलंय तेवढंच ध्यानात ठेव." अण्णांनी हे बोलायला नको होतं.

लग्न कौसाच्या गावी, घाटावरच्या देवळापुढं. अक्षता पडल्या, माळा घातल्या, नवरीच्या शालूची आणि नवऱ्याच्या उपरण्याची गाठ बांधली. मग आली कानपिळी. नवरीच्या भावानं नवऱ्याचा कान पिळायचा, बहिणीला नीट सांभाळ म्हणून दम द्यायचा, आणि नवऱ्यानं कपड्यांचा आहेर केला की कान सोडायचा. कौसाचा भाऊ भैरू तालमीतला पैलवान. त्यानं कान असा धरला की गेनूच्या डोळ्यांपुढं काजवे चमकले.

"काय दाजी, बहिणीला सांभाळणार न्हवं?"

गेनूनं कान ओढला नाही. गप उभा राहिला. बायका म्हणाल्या, "काय गुणाचा जावई, हूं का चूं न्हाई!" आहेर अण्णांच्या हातात तयार होता, पण गेनू त्याच्याकडं बघेचना. भैरूनं आणखी पिळला. गेनू वळला आणि शांतपणे घाटाच्या पायऱ्या उतरायला लागला. आहेर मिळाल्याबिगर सोडेल तो भैरू कसला! तोही कान धरून निघाला. गाठीला बांधलेली कौसा मागोमाग. कौसाला आवरायला करवली, करवलीला आवरायला मावशी. सगळी आगगाडी धप्पकन पाण्यात!

नाकातोंडात पाणी गेल्यावर भैरूनं कान सोडला.

"सोडला!" गेनू आनंदानं ओरडला. मग वळसा घालून भैरूच्या मागं गेला, दोन्ही बाजूंनी धरला, तोंड खोल पाण्याकडं केलं आणि अलगद सोडून दिला. भैरू हातपाय मारत घाटाच्या दुसऱ्या टोकाला जाऊन लागला.

"आरं मुडद्या, तो नवरीचा भाऊ हाय!" अण्णा किंचाळले.

"म्हणून तर जपून सोडला," गेनू म्हणाला.

ज्योतीरामच्या मिशा थरथरत होत्या. "गाठ सोडा! असला जावई नको मला! कौसा, ये वर!"

गेनूची आई मटकन पायरीवर बसली. आता कुठं गेनूला कळलं, काहीतरी बिघडलंय. त्याचा चेहरा एवढासा झाला, डोळे भरून आले. "मी सांगितल्यापरमानंच केलं की," तो पुटपुटला. अशी कीव आली सगळ्यांना!

आणि कौसा? भिजून चिंब, मुंडावळ्या नाकावर, आणि ती हसत सुटली. पोट धरधरून हसली. हसता हसता पुढं आली आणि तिनं गेनूचा हात दोन्ही हातांनी घट्ट धरला.

"आबा, मला हाच नवरा पायजे."

"सोड त्याचा हात!"

"न्हाई सोडणार!"

ज्योतीरामनं एकदा लेकीकडं बघितलं, एकदा आपल्या मोकळ्या कंबरेला हात लावून बघितला, आणि त्यालाही हसू फुटलं. "मग ऱ्हा त्याच्यापाशी, बाई!" घाटभर टाळ्या पडल्या. वाजंत्रीवाल्यांनी ताशा बडवला. गेनूच्या आईनं डोळे पुसले.

गेनूनं आपल्या हाताकडं बघितलं. कौसानं चांगला घट्ट धरला होता. त्यानं हात ओढला नाही. गप उभा राहिला. मग कौसाला घेऊन हळूहळू आणखी पाण्यात शिरला. कमरेएवढं. छातीएवढं. गळ्याएवढं.

आणि तिथनं त्यानं हाक मारली, "अण्णा, ही सोडंना की!"