तळमायेच्या शुक्रवाराची कहाणी

ऐक गं तळमाये, तुझी कहाणी. आटपाट बेट होतं. बेटाभोवती सात थरांचा दर्या होता. वरचा थर निळा, मधले काळे, सातवा कुणी पाहिलेला नाही. त्या दर्यात तळमाय राहायची. अंग डोंगराएवढं, पाठीवर शिंपल्यांचं कवच, कपाळावर नऊ दिवे, डोळा एकच, पण खळ्याएवढा. पाहील त्याची बोबडीच वळावी! आणि मन? मन अगदी आईचं. बेटावर नवी सून आली, की सासू तिला खडकावर न्यायची, पाय पाण्यात सोडायला लावायची आणि सांगायची, "तुझं वरचं माहेर लांब राहिलं. हे खालचं माहेर."

बेटावरच्या बायका तळमायेचा वसा वसत. तो वसा काय? शुक्रवारी ओहोटीला खडकावर जावं. मूठभर पोहे पाण्यात सोडावे. पाय बुडवून बसावं, घरात जे असेल ते तिला सांगावं. गोड करू नये, तिखट करू नये, पोटात ठेवू नये. तळमाय खडकाखाली पडून ऐके. लेकींना काही उणं असलं, की ती वर राही. आणि गाईमागं वासरं यावी, तशी मासळी तिच्यामागं वर येई.

त्या बेटावर पोवळी नावाची सून होती. तिचा नवरा गोमा, होडी घेऊन मासळीला जाई. घरात म्हातारी सासू. माणसं चांगली, पण त्या वर्षी गोमाचं जाळं फाटलं, होडी गळू लागली, घर एका वेळच्या पेजेवर आलं. शुक्रवार आला. पोवळीनं डब्याच्या तळचे पोहे मुठीत घेतले आणि निघाली. सासूनं उंबऱ्यातच अडवलं.

"काय सांगणार गं तिथं?"

"आहे ते सांगीन, आत्याबाई."

"खबरदार! खडकावर सतरा शेजारणी कान टवकारून बसतात. झाकली मूठ सव्वा लाखाची. सगळं बरं आहे म्हण, आणि ये."

आता सासूनं दरडावल्यावर सून काय करणार? तुम्ही जे केलं असतं, तेच तिनं केलं. मग ती खडकावर गेली, पाय सोडले, पोहे सोडले. तळमायेनं विचारलं, "लेकी, कशी आहेस?" पोवळी म्हणाली, "सुखात आहे, माय. घरात दुधातुपाला तोटा नाही." तळमाय भोळी. आपल्या लेकीचं कोण खोटं मानतं? ती हरखली आणि दोन थर खाली गेली. मासळी तिच्यामागं गेली.

दुसरा शुक्रवार आला. एक वेळची पेजही संपली होती. तळमायेनं विचारलं, "लेकी, कशी आहेस?" पोवळी म्हणाली, "सुखात आहे, माय. खाऊन खाऊन अंगाला लागलंय." तळमाय हसली आणि आणखी दोन थर खाली गेली. मासळी तिच्यामागं गेली.

तिसरा शुक्रवार आला. काठाला मासळी नाही, म्हणून गोमा गळकी होडी घेऊन लांब गेला होता. तीन दिवस झाले, परतला नव्हता. तळमायेनं खालून विचारलं, "लेकी, कशी आहेस?" पोवळी रिकाम्या दर्याकडे पाहत म्हणाली, "सुखात आहे, माय. धनी घरीच आहेत, झोपाळ्यावर बसलेत." तळमाय म्हणाली, "बाई बाई, माझ्या जिवाचा घोर गेला!" मग ती सातव्या थराला गेली, डोळा मिटला, नऊही दिवे विझवले आणि गाढ झोपली.

मग काय झालं? बेटावर कुणाच्याच जाळ्यात काही येईना. घरोघरी चुली थंडावल्या, पण आपलं उणं खडकावर आधी कोण सांगणार? गोमाची होडी दिसेना. पोवळीला अन्न गोड लागेना. अन्न होतंच कुठं म्हणा! शेवटी ती शुक्रवारचीही वाट न पाहता उठली, कुणाला न विचारता भर दुपारी खडकावर गेली.

तिनं हाक मारली, "माय, घरात थोडं उणं आहे." शब्द हलका, तो पाण्यावरच तरंगत राहिला. तिनं दुसरी हाक मारली, "माय, फार उणं आहे, पण चालायचंच." शब्द तीन थर बुडाला आणि अडकला. मग मात्र पोवळीचा बांध फुटला. ती कंबरभर पाण्यात उतरली आणि ओरडली, "माय गं, मला भूक लागलीय! माझा गोमा परत आला नाही! मी तुझ्याशी खोटं बोलले! मला तू हवीस गं!"

खऱ्या शब्दाला वजन असतं, बायांनो. तो शब्द सात थर चिरत गेला आणि तळमायेच्या कानात पडला. तिनं डोळा उघडला. नऊ दिवे पेटले. दर्या उकळत्या भातासारखा खदखदला. लांब समुद्रात वारा पडून गोमाची होडी अडकली होती, पाणी उपसून त्याचे हात गळाले होते. तळमायेनं ती होडी घागरीसारखी अलगद डोक्यावर घेतली आणि खडकापाशी आणून ठेवली. गोमा उतरला. पोवळीनं त्याला घट्ट धरलं. मागून मासळी चमचमत आली.

तळमाय म्हणाली, "वेडे, सुखात असलीस तर मला कौतुक. पण दुःखात मला सांगायचं नाही, तर मी आई कसली?"

एवढ्यात सुनेला शोधत सासू तणतणत आली. "घरचं सगळं बोललीस ना?" म्हणाली, तोच समोर लेक दिसला आणि तिनं त्याचं तोंड कुरवाळलं. तळमायेनं तो खळ्याएवढा डोळा तिच्याकडे वळवला.

"आणि तू गं? तीस वर्षं झाली. येतेस, पोहे टाकतेस, तोंड न उघडता जातेस. तू नाहीस का माझी लेक?"

सासू उभी राहिली. मान वर, ओठ घट्ट. पोवळीनं हात धरून तिला खडकावर बसवलं, तिचे पाय पाण्यात सोडले. म्हातारी हळूच म्हणाली, "माय, माझी कंबर फार दुखते गं." आणि लहान पोरीसारखी हुंदके देऊन रडू लागली.

तळमायेनं आपली हनुवटी खडकावर टेकली. म्हणाली, "सांग बाई, सावकाश सांग. मला कुठं जायचंय?"

पोवळीला तळमाय पावली, सासूला पावली, तशी तुम्हांआम्हांला पावो. ज्याचं माणूस दूर गेलंय, त्याचं घरी येवो. ही सात थरांची कहाणी तीन हाकांत सुफळ संपूर्ण.