शेपूचं कुकू

"मग सांगा ना, यात वाईट काय आहे?"

हेमांगीने डबा दर्ग्याच्या पडवीत आदळला. झाकण उडून कोपऱ्यात गेलं.

दौलतशा फकीर चुलीपुढे बसले होते. त्यांनी डब्याकडे पाहिलं नाही, तिच्याकडे पाहिलं.

"बस आधी."

"बसायला नाही आले मी, बाबा. अण्णा दर गुरुवारी तुमच्यापाशी येऊन बसतात. पोटच्या पोरीचं सोडून जगाचं ऐकतात. तुम्हीच सांगा त्यांना, पुढ्यात येईल ते मुकाट्यानं खा म्हणून!"

अण्णा म्हणजे तिचे वडील. मिरजेच्या एका कारखान्यात पस्तीस वर्षं लेथ चालवलेला माणूस. साखरेच्या दुखण्याने त्यांच्या डाव्या पायाचं एक बोट नेलं होतं आणि उजव्या टाचेची जखम दोन महिने भरत नव्हती. सकाळचे पोहे, शिरा, साबुदाणा सगळं बंद, नाहीतर पाऊल काढावं लागेल, असं डॉक्टरांनी बजावलं होतं.

हेमांगी पुण्याच्या मोठ्या हॉटेलात शेफ. तिथे एका इराणी वस्तादाकडून ती 'कुकू' शिकली होती. मूठमूठ हिरवा पाला अंड्यात कालवायचा आणि मंद आचेवर झाकून ठेवायचा. ती रजा काढून घरी आली. त्या कुकूत तिने आपल्याकडची शेपू आणि मेथी घातली, अक्रोडाऐवजी शेंगदाण्याचं कूट, वर लसणीची खमंग फोडणी. पीठ नाही, बटाटा नाही. हॉटेलात यासाठी लोक रांग लावतील, याची तिला खात्री होती.

अण्णा म्हणाले, "कुकू कपाळाला लावतात."

"अकरा दिवस झाले," हेमांगी म्हणाली. "रोज समोर उभी राहून भरवते म्हणा ना! आज ताटली सारून उठले, काठी टेकत समोरच्या टपरीवर गेले आणि माझ्यादेखत शिरा खाल्ला. वर आणखी एक प्लेट मागवली!" तिचा आवाज चिरकला. "मरायचंच असेल तर मरा, म्हटलं मी."

फकिरांनी कोपऱ्यातलं झाकण उचलून डब्यावर बसवलं.

"इथे ताजं कर," ते म्हणाले. "अंडी आहेत. पाला मागच्या वाफ्यातून घे. चूल मी पेटवतो."

तिने केलं. सुरी फळीवर अशी आपटत होती की वळचणीची कबुतरं उडाली. पण हात कसलेला. कुकू टम्म फुगलं, कडेने खरपूस झालं.

फकिरांनी तुकडा मोडून तोंडात टाकला. डोळे मिटले.

"सुरेख झालंय."

"मग?"

"तूही खा. सकाळपासून उपाशी दिसतेस."

ती ताटली घेऊन खाली बसली. फकीर उठले आणि तिच्यासमोर येऊन उभे राहिले.

"चावून खा."

तिने वर पाहिलं.

"एवढा मोठा घास नको. मेथी रक्ताला चांगली असते."

"माहितीये मला."

"माहिती असती तर अशी वाळली नसतीस. तो तुकडा का ठेवलास कडेला? धुरात डोळे जाळून चूल पेटवली मी. काही किंमत आहे का त्याची?"

"सुखानं खाऊ द्याल का?"

"खा की! पण न खाणाऱ्याचं काय होतं, ठाऊक आहे ना? पाऊल कापतात." फकिरांनी हातातल्या काठीचं टोक तिच्या घोट्याशी टेकवलं. "इथून."

हेमांगीच्या हातातली ताटली भिंतीवर जाऊन आदळली.

"नको मला तुमचं खाणं!" ती उठून उभी राहिली. "माणूस आहे मी! गोठ्यातल्या जनावरापुढे चारा टाकावा तसं…"



भिंतीवरून एक हिरवा तुकडा घसरत खाली आला.

राग होताच, मघाइतकाच. फक्त तो कुणावर काढायचा, हे आता तिला सुचेना.

"मी तर… त्यांच्या भल्यासाठीच करत होते."

"मीही," फकीर म्हणाले.

त्यांनी वाकून सांडलेले तुकडे वेचले आणि अंगणातल्या कोंबड्यांपुढे टाकले.

"उद्या काय करू?" तिच्या आवाजाला अजून धार होती.

"हेच कर. चांगलं करतेस."

"आणि परत उठून टपरीवर गेले तर?"

फकिरांनी तांब्यातलं पाणी हातावर घेतलं. सावकाश हात धुतले…

"तर तूही जा. दोघांत मिळून एकच शिरा मागव."