चौबळ साहेबांचा ओला रुमाल

वीज खात्याची तार सहा महिने तान्हूबाईच्या गोठ्यापुढे लोंबत होती. तिने तीन अर्ज दिले, तरी तार जागची हलली नाही. शेवटी त्या तारेला शिंग लागून दोन म्हशी मेल्या.

भरपाई नाकारायचं ठरवूनच खात्याचे चौबळ साहेब पंचनाम्याला आले. "मावशी, ही लाइन महिनाभर बंद आहे, आजही. रजिस्टरात तसं लिहिलंय. तुमच्या म्हशी घाबरून मेल्या असतील."

"असतील," तान्हूबाई म्हणाली. "अडाणी जनावरं, त्यांना कुठं रजिस्टर वाचता येतंय."

साहेबांनी समाधानाने घाम पुसला. रुमाल चिंब झाला.

"ओला रुमाल खिशात कशाला ठेवता, साहेब? हाताशीच तार आहे. टाका की वाळत."

साहेब मागे सरकले ते थेट शेणात. मग रुमाल मुकाट खिशात गेला आणि भरपाईचा अर्ज बाहेर आला.