सामाची थंड चूल

फार पूर्वी, गोदाकाठच्या प्रतिष्ठान नगरात सोमदत्त राजा राज्य करीत असताना, बोधिसत्त्वाने त्याचा एक अमात्य म्हणून जन्म घेतला होता. न्यायदान करता करता तो म्हातारा झाला होता. शास्त्रे पुष्कळ शिकला होता. तरीही प्रत्येक निवाड्यानंतर आपले काही चुकले तर नाही ना, या विचाराने त्याला घास गोड लागत नसे.

घरासाठी काढलेल्या कर्जाचे हप्ते थकले, की कर्ज देणाऱ्या श्रेष्ठीने घर ताब्यात घ्यावे, असा तिथला नियम होता. कर्जदार त्या घरात खरोखर राहत असेल, तर अमात्याने त्याला वर्षाची मुदत द्यावी, अशी सवलतही होती. राहत असल्याची खूण एकच: सुनावणीच्या दिवशी, सूर्यास्तापूर्वी, घरातली चूल पेटलेली दिसली पाहिजे.

लबाड माणसे त्या दिवशी चार काटक्या पेटवून मुदत मिळवीत. सरळ माणसांची रीत निराळी होती. हप्ता थकला, की ती घर परक्याचे मानीत आणि अंगणात तीन दगड मांडून तिथे रांधीत. अमात्याने हे राजाच्या कानावर दोनदा घातले होते. राजा दोन्ही वेळा "पाहू" म्हणाला होता. त्या महिन्यात सहा घरे अशीच गेली. सातवे पुन्नक कोष्ट्याचे होते.

पुन्नकाचा हात मोडला होता, माग चार महिने बंद होता. सुनावणीच्या दिवशी शिपायाने येऊन सांगितले, "चूल थंड आहे." श्रेष्ठी संघदत्त म्हणाला, "मग घर माझे."

अमात्य वैतागून उठला. दुखऱ्या गुडघ्यांनी चालत तो कोष्टीआळीत गेला. श्रेष्ठी आणि शिपाई मागोमाग आले. पुन्नकाची बायको सामा अंगणातल्या दगडांपाशी होती.

"बाई, चूल घरात असताना इथे उन्हात काय करता?"

"दुसऱ्याच्या घरात विस्तव कसा पेटवायचा, आर्य?"

"दुसऱ्याचे झाले हे तुम्हाला कोणी सांगितले?"

"सांगायला कशाला हवे? हप्ता थकला ना आमचा."

"तुम्ही भली माणसे मला एक दिवस वेडे करणार," अमात्य म्हणाला.

पेटवा असे तो सांगू शकत नव्हता. न्यायाधीशाने एका पक्षाला शिकवणे हा अधर्म. तो घरात जाऊन थंड चुलीसमोर बसला आणि श्रेष्ठीला म्हणाला, "घर तुमचे म्हणता, तर मी तुमचा पाहुणा. दुपार झाली आहे. भूक लागली आहे."

कुंपणापाशी शेजारी जमले होते. पाहुण्याला उपाशी परत पाठवला, ही बदनामी श्रेष्ठीला परवडणारी नव्हती. उपरणे खोचून तो चुलीपुढे बसला. फुंकता फुंकता त्याचे डोळे चुरचुरले. कसाबसा जाळ झाला. मडक्यात त्याने तांदूळ आणि पाणी अंदाजाने ओतले.

"मीठ कुठे आहे?" त्याने विचारले.

"डाव्या कोनाड्यात," दारातून सामा म्हणाली. थोडा वेळ तिने दम धरला. "अहो, पाणी फार झाले. लाकूड मागे ओढा, उतू जाईल." शेवटी तिला राहवेना. "सरका तुम्ही, श्रेष्ठी," म्हणत ती आत आली आणि चुलीपाशी बसली. लाज, हप्ता, सारे ती त्या घटकेपुरते विसरली.

अमात्याने शिपायाला म्हटले, "पाहा. सूर्य वर आहे, चूल पेटली आहे, घरधनीण चुलीपाशी आहे. पुन्नकाला वर्षाची मुदत."

"पण विस्तव मी पेटवला!"

"मीठ कुठे आहे हे मात्र तिला विचारलेत. तुमचे येणे बुडणार नाही, श्रेष्ठी. हात बरा झाला की तो फेडील. आता पेज घ्या."

हा न्याय झाला की युक्ती, हे परतताना अमात्याला ठरवता आले नाही. दुसऱ्या दिवशी तो राजाकडे तिसऱ्यांदा गेला.

ही कथा सांगून बुद्धपदाला पोहोचलेले शास्ता भिक्षूंना म्हणाले, "आजारपणात झाडलोट चुकली म्हणून कुटी सोडून जो झाडाखाली बसला आहे, तो आपल्यातला भिक्षू तेव्हा पुन्नक होता. ती कुटी लगेच मागायला आलेला भिक्षू श्रेष्ठी होता. कुटीत परत जा म्हणून पहिल्याला विनवणारी वृद्ध उपासिका सामा होती, आणि तो वैतागलेला अमात्य मीच. क्षांती, म्हणजे न वैतागता सोसणे, त्या जन्मी मला पुरती साधली नव्हती. करुणा साधली होती."