नागवेढ्याची वाजती पायरी

नागवेढे गावाच्या पाठीशी टेंभाई देवीची टेकडी आहे. देवळाच्या पायऱ्या जिथे संपतात तिथली शेवटची पायरी कुणी घडवून बसवलेली नाही. तो मुळातलाच काळा दगड आहे आणि त्याच्या अंगावर वाटीएवढे खळगे पडलेले आहेत. खडा घेऊन त्या खळग्यात मारला तर दगडावर दगड आपटल्याचा आवाज येत नाही. तांब्याची जाड घागर वाजावी तसा ठण्ण आवाज उठतो आणि खाली पेठेपर्यंत जातो. गाव तिला वाजती पायरी म्हणतं. येणारी माणसं खडा मारून बघतात, मोबाइलमध्ये आवाज टिपून घेतात आणि बाजूला बसलेल्या बळवंत गुरवांना विचारतात, "बाबा, हा दगड असा का वाजतो?"

बळवंत गुरवांचं तिथेच नारळ-फुलांचं दुकान आहे. दुकान म्हणजे चार बांबू, वर पत्रा, फळीवर मांडलेले नारळ, टोपलीत झेंडूच्या माळा आणि हळद-कुंकवाच्या पुड्या. त्यांच्या वडिलांचंही तेच होतं. हल्ली माणसं हायवेवरच्या मोठ्या दुकानातून ओटीचं तयार पाकीट घेऊनच वर येतात. नारळापासून खणापर्यंत सगळं त्यात असतं. गोष्ट तेवढी नसते. ती गुरवबाबा सांगतात, फुकट.

फार पूर्वी, सांगतात, नागवेढ्याच्या पेठेत नारोबा तांबटाचं दुकान होतं. आजा तांबट, बाप तांबट, हाही तांबट. पहाटे टेंभाईची आरती झाली की नारोबाची हातोडी सुरू व्हायची. भांडं घडवून झालं की ऐरणीवर फिरवत फिरवत त्याला बारीक ठोके देत जायचे, त्याला मठारणं म्हणतात. त्याने पत्रा घट्ट होतो. त्या मठारण्यावर म्हणे गाव उठायचं. सुना चुली पेटवायच्या, समोरचा कुशाबा तेली घाण्याला बैल जुंपायचा. नारोबाने केलेली घागर आईकडून लेकीकडे जायची. तिचं बूड झिजलं तर तो नवं बसवून द्यायचा आणि तीच घागर पुढे नातीच्या रुखवतात दिसायची.

मग बंदरावरून व्यापारी येऊ लागले. बैलांच्या पाठीवर लादलेली तयार 'बंदरी' भांडी, आरशासारखी चकचकीत, उचलायला हलकी. पोचा पडला तर टाकून द्यायचं आणि दुसरं घ्यायचं. आधी एका घराने घेतलं, मग शेजारच्याने. कुणी नारोबाशी भांडलं नाही, कुणी त्याच्या कामाला नावं ठेवली नाहीत. नुसते यायचे थांबले. गावाची ही जुनी रीत आहे. माणूस बुडवायचा झाला तरी त्याच्या अंगाला हात लावत नाहीत.

एका सकाळी नारोबाकडे ठोकायला काही उरलं नाही. दुकान झाडून, हत्यारं पुसून तो ओट्यावर बसून राहिला. आरती झाली, उन्हं आली, पेठेत आवाज नाही. समोरून कुशाबा ओरडला, "काय रे नारोबा, आज ऐरण बाळंत झाली काय? आवाज न्हाई तो!"

रस्त्यावरची चार माणसं हसली. कुशाबा रस्ता ओलांडून आला आणि ओट्याला टेकला. त्याच्या पोटात पाप नव्हतं. लहानपणापासूनचा शेजार. "खरं सांग गड्या, धंदा कसा काय?"

नारोबाच्या अगदी ओठांवर आलं होतं, की काही नाही रे, कधीचं काही नाही. पण ती चार माणसं अजून उभी होती. बापाने बांधलेल्या ओट्यावर बसून हे बोलायचं? त्याची नजर खाली गेली आणि तोंडातून भलतंच निघालं, "चाललाय की. मोठं काम आलंय. टेंभाईचा हंडा घडवायचाय."

कुशाबा गेल्यावर त्याने घरातून बायकोची, भिवराईची, लग्नातली घागर आणली. आतलं पाणी ओतून टाकलं, ऐरणीवर धरली आणि मठारायला लागला. घागर चांगली होती. तिला काही झालेलं नव्हतं.

गावाला आनंद झाला म्हणे. देवीचा हंडा आपल्या पेठेत घडतोय! देवीच्या कामाला नजर लागू नये म्हणून नारोबाने ओट्याला पडदा लावला, तेव्हा तर सगळ्यांची खात्रीच पटली. येता-जाता माणसं थांबायची. "काय नारोबा, धंदा कसा काय?" "हंडा कुठवर आला?" पडद्याआडून उत्तर यायचं, "होतोय," आणि हातोडी जरा जोरात पडायची.

एक म्हातारी मात्र गळका तांब्या घेऊन आली. अख्ख्या गावात एवढ्या एकीचाच नारोबाच्या हातावर भरवसा उरला होता. ओट्याशी पोचली, ठोके ऐकले आणि थबकली. "राहू द्या बाबा," ती म्हणाली. "तुम्ही आईच्या कामात. एवढ्याशासाठी कुठं तुमचा हात थांबवू? मी आपला बंदरी तांब्याच घेते."

नारोबाची हातोडी थांबली. "आण गं म्हातारे इकडं," एवढंच म्हणायचं होतं. पण देवीचा हंडा घडवणारा माणूस गळक्या तांब्यासाठी पडद्याबाहेर हात काढतो का? तिच्या वहाणा फटफटत लांब जाईपर्यंत तो ऐकत राहिला. मग पुन्हा ठोकायला लागला. शेवटचं गिऱ्हाईक त्याच्याच आवाजाने घालवलं होतं.

पडद्याआड काय आहे ते भिवराईला ठाऊक होतं. ती मडक्यात पाणी भरू लागली होती. विहिरीवर बायका विचारायच्या, "तांबटाच्या घरात मडकं? घागर कुठं गं?" ती म्हणायची, "पोचा काढायला टाकलीय. घरच्या माणसाला घरचं काम कधी वेळेवर झालंय का?" बायका हसायच्या, तीही हसायची. घरी आल्यावर एकदा तिने नवऱ्याला म्हटलं, "धनी, सांगून टाका गावाला. काम न्हाई म्हणायची लाज कसली? चोरी केली का आपण?"

"चोरी केली असती तर बरं झालं असतं," नारोबा म्हणाला. "चोराला कुणी विचारत न्हाई, धंदा कसा काय म्हणून."

तांबं सारखं ठोकत राहिलं की कडक होतं. मधूनमधून भट्टीत लाल करून ते मऊ करावं लागतं, नाहीतर तडकतं. बापाने शिकवलेली ही पहिली गोष्ट. पण भट्टीला कोळसा लागतो, तो कुठून आणणार? घागर थंडच ठोकली जात होती आणि तिचा आवाज दिवसेंदिवस चिरका होत चालला होता. गाव म्हणे, हंडा आकाराला येतोय. नारोबाच्या छपरातून धूर निघत नव्हता. आधी भट्टीचा बंद झाला, पुढे एका वेळच्या चुलीचाही. पेठेतली एवढी माणसं रोज त्या दारावरून गेली. कान सगळ्यांना होते. मान वर करून छपराकडे मात्र कुणी पाहिलं नाही.

चैत्री पौर्णिमेला टेंभाईची यात्रा. हंडा वाजतगाजत न्यायचा असं गावाने आपसांत ठरवून टाकलं. आदल्या सांजेला नारोबाच्या ओट्याला आंब्याच्या पानांचं तोरण बांधलं. कुशाबाने आपली बैलगाडी धुऊन काढली आणि पडद्याबाहेरून हाक दिली, "उजाडताच गाडी आणतो रे गड्या! शिंगं रंगवलीत बैलांची!"

घागर तडकली ती तेव्हाच, असं सांगतात. हातोडी बसली आणि बुडापासून गळ्यापर्यंत भेग गेली. आवाज बंद झाला. बाहेर माणसं एकमेकांना म्हणाली, "झाला हंडा."

झुंजुमुंजू व्हायच्या आधीच नारोबाने फुटकी घागर धोतरात गुंडाळली, हातोडी घेतली आणि तो टेकडी चढला. देवळाचं दार अजून उघडलं नव्हतं. शेवटच्या पायरीवर बसून त्याने बंद दाराला हात जोडले. "आई, तुझ्या नावावर खोटं बोललो. आता गाव येईल. त्यांच्या तोंडावर खरं बोलायचं बळ दे. न्हाईतर या हातातली हातोडी काढून घे. दोन्हीतलं एक तरी दे." मग काय करावं हे त्याला सुचेना. हाताला रोजची सवय होती. समोर पायरीचा दगड होता. तो दगडच मठारू लागला.

खाली कुशाबाने गाडी आणली, पडदा बाजूला केला, तर दुकान रिकामं. एवढ्यात वरून आवाज आला, ठण्ण, ठण्ण. "अरे, देवीपुढंच शेवटचे घाव घालतोय!" कुणीतरी म्हणालं, आणि ढोल-हलगी वाजवत गाव टेकडी चढलं. पुढे बायका, त्यांच्या डोक्यांवर पाण्याचे कलश.

वर येऊन पाहतात तर नारोबा उघड्या दगडावर हातोडी मारतोय. शेजारी भेगाळलेली घागर. हलगी थांबली तरी तो थांबला नव्हता. आणि दगड तांब्यासारखा वाजत होता.

कुशाबा पुढे झाला. "नारोबा, हंडा रे?"

नारोबाने मान वर केली. इतक्या दिवसांत पहिल्यांदा त्याने विचारणाऱ्याच्या डोळ्यांत पाहिलं. "हंडा न्हाई. काम न्हवतं, कुशा. नुसता आवाज होता." मग तो म्हणाला, "तू विचारायचास, म्हणून वाजवायचो."

कुणी न सांगता बायकांनी डोक्यावरचे कलश खाली उतरवले. सगळे बंदरी. घाईत एक-दोन पायरीवर आपटले, त्यांना पोचे पडले आणि तो फुसका आवाज सगळ्या गावाने ऐकला. कुणी कुणाकडे पाहीना. गळक्या तांब्याची म्हातारी तोंडाला पदर लावून मटकन खाली बसली.

यापुढचं दोन तऱ्हांनी सांगतात. काहीजण म्हणतात, नारोबा तिथल्या तिथे देवीत मिळाला आणि दगडात त्याचा आवाज उरला. गुरवबाबांना हे पटत नाही. माणसाचा देव केला की गावाची लाज झाकायला शेंदूर पुरतो. त्यांच्या वडिलांनी सांगितलं ते वेगळं होतं. नारोबा आपल्या पायांनी टेकडी उतरला आणि पुढे बरीच वर्षं त्याच घरात राहिला.

दुसऱ्या दिवशी म्हणे त्याच्या ओट्यावर भांड्यांचा ढीग लागला. माळ्यावर टाकलेल्या घागरी, बूड गेलेली पातेली, पोचलेले तांबे. माणसं यायची, भांडं ठेवायची आणि निघून जायची. नारोबाने एक घागर ऐरणीवर घेतली, हातोडी धरली. हात उठला नाही. तो खांद्यापर्यंतही आला नाही. खरं बोलायचं बळ मागितलं होतं ते मिळालं, आणि दुसरंही देवीने नेलं. दोन्हीतलं एक मागणाऱ्याला तिने दोन्ही दिलं.

कुशाबा तेलाचं जुनं माप घेऊन सगळ्यांत शेवटी आला. नारोबा आत भिंतीकडे तोंड करून बसला होता. दारात भिवराई होती. "वहिनी, मापाला पोचा पडलाय," कुशाबा कसाबसा म्हणाला.

"ठेवा भावजी," ती म्हणाली. "आता आवाज न्हाई यायचा. पण आणलंय तर ठेवा."

ती भांडी ओट्यावरच हिरवी पडली. कुणी परत मागितली नाहीत. कोणत्या तोंडाने मागणार?

त्या वर्षी कुशाबाने टेंभाईपुढे उभं राहून चाल घालून दिली, असं सांगतात. नागवेढ्यात कुणीही कुणाच्या दुकानाशी रिकाम्या हाताने उभं राहून धंदा विचारायचा नाही. विचारायचं असेल तर आधी काहीतरी टेकवायचं, तुटकी वहाण, उसवलेली बंडी, पोचलेलं भांडं. तेही नसेल तर मूठभर मीठ मागायचं. मग विचारायचं.

आजही ती चाल आहे. पेठेत निम्म्या दारांना कुलपं आहेत. तांबट आळीतले करडे आडनावाचे शेवटचे तांबट ऐरण विकून पोराकडे शहरात गेले. शिंप्याच्या मशीनवर साड्यांचे फॉल तेवढे येतात. वाण्याच्या दुकानात वाणी एकटाच पेपर वाचत बसलेला असतो. पण रिकाम्या हाताने धंदा विचारायचा नाही, ही चाल गावातल्या एकानेही मोडलेली नाही. विचारणंच बंद झालंय.

गुरवबाबा इथवर आले की हात जोडतात. ऐकणाऱ्या बाईंच्या डोळ्यांत पाणी येतं. बरोबरचे गृहस्थ गोष्ट मोबाइलमध्ये घेत असतात, ते आणखी एकदा खळग्यात खडा मारून आवाज घेतात. मग मंडळी बूट घालतात, ओटीचं रिकामं पाकीट पायरीच्या कडेला ठेवतात. निघता निघता गृहस्थ आपुलकीने मागे वळतात.

"फार छान सांगितलंत बाबा. बाकी, धंदा कसा काय चाललाय?"

गुरवबाबांची नजर खाली जाते. "चाललाय की," ते म्हणतात. "आईची कृपा आहे."

मंडळी पायऱ्या उतरतात. गुरवबाबा फळीवरचा पुढचा नारळ उचलून कानाशी धरतात आणि हलवतात. आत पाणी वाजत नाही. ते नारळ फडक्याने पुसतात आणि होता तिथेच, पुढच्या रांगेत, शेंडी वर करून ठेवतात.