चौदा चिंचोके आणि मोठी चाके

पुष्कळ वर्षांपूर्वी, राजे उदंड होते आणि पूल अजिबात नव्हते, तेव्हाची ही गोष्ट. लहानांनी ती गोष्ट म्हणून ऐकावी. मोठ्यांनी मात्र आपल्या दारातल्या गाडीकडे एकदा नजर टाकून मग ऐकायला बसावे.

एका खाडीच्या काठी एक गाव होते. त्या गावात एक गाडीवान राहत असे. त्याचा छकडा लहानसा, एकाच बैलाचा. बैलाचे नाव चांद्या. गाडीवानाची एकुलती एक लेक खाडीपलीकडच्या गावात दिली होती.

पलीकडे जायचे तर भरतीला होडी आणि ओहोटीला गाडी. ओहोटी लागली की खाडीच्या तळाशी घट्ट वाळू उघडी पडे. त्या वाळूवरून सरळ गेलात तर थेट समुद्रात पोचाल. पलीकडच्या तीराला लागायचे तर एका ठरावीक जागी उजवीकडे वळावे लागे, कारण मधल्या चिखलातून खडकाची एकच रांग गेली होती, गाडी जेमतेम मावेल एवढी. खडकावरही चिखलाचा थर असायचा, त्यामुळे डोळ्यांना सगळे सारखेच दिसे. खुणेचे खांब रोवावेत, तर भरती ते उपटून नेई. हवा स्वच्छ असली की पलीकडच्या टेकड्या बघून वळायचे. पण थंडीत सकाळी असे धुके पडे की बैलाची शिंगेसुद्धा दिसत नसत.

म्हणून गावच्या वाडवडिलांनी एक युक्ती काढली होती. चाकाच्या एका आऱ्याला लाकडी खुंटी मारायची आणि गाडीच्या कडेला बांबूची कांब बांधायची. चाकाचा एक फेरा झाला की खुंटी कांबेला लागे आणि आवाज होई, टक. असे वीस टक झाले की गाडीवान पुढ्यातल्या करवंटीत एक चिंचोका टाकी. चौदा चिंचोके पडले की गाडी उजवीकडे वळवायची. लेकरे बाराखडी शिकायच्या आधी हे शिकत.

आता हे जमायचे तर साऱ्या गावाची चाके एकाच मापाची हवीत. ती तशी होतीच. गावचा म्हातारा सुतार एकाच दोरीने सगळी चाके मापत असे. नवे चाक बसवले की गाडी गावच्या तळ्याभोवती फिरवायची रीत होती. तळ्याच्या एका प्रदक्षिणेला चाकाचे बरोबर चाळीस फेरे भरले की चाक पास.

एका वर्षी गाडीवानाच्या छकड्याची चाके पार खिळखिळी झाली. आरे हलू लागले, चाकावरची लोखंडी धाव झिजून पातळ झाली. सुतार म्हणाला, लाकूड आहे, पंधरा दिवसांत नवी जोडी करून देतो. पण गाडीवानाच्या मनात वेगळेच होते. लेकीच्या लग्नात विहीणबाई त्याच्या छकड्याकडे बघून हसत म्हणाल्या होत्या, ही गाडी की पोरांचं खेळणं? बाईंनी थट्टा केली आणि त्या विसरूनही गेल्या. गाडीवान काही विसरला नाही. माणसाला भाकरी पचते, पण थट्टा पचत नाही.

तो राजधानीच्या बाजारात गेला. तिथल्या दुकानात चाके रचून ठेवली होती, लहान, मधली आणि मोठी. मोठ्या चाकांच्या आऱ्यांवर वेलबुट्टी कोरलेली होती, मधल्या तुंब्याला पितळी कडी होती. गाडीवानाने आधी लहान जोडीला हात लावला, अगदी त्याच्या मापाची होती ती. पण डोळे वळले मोठ्या जोडीकडे.

दुकानदार हुशार. गाडी कुठल्या वाटेने जाते हे त्याने विचारले नाही. तो एवढेच म्हणाला की लहान गाडीला मोठे चाक लावले की गाडीच मोठी दिसते. शिवाय मोठे चाक दगडाधोंड्यांवरून सहज जाते, बैल कमी दमतो. यातले काहीच खोटे नव्हते, आणि तिथेच तर घोटाळा होता.

गाडीवानाने मोठी जोडी घेतली.

सुताराने ती बसवून दिली, पण नाइलाजाने. चाके गाडीला घासू लागली, तेव्हा कडेच्या फळ्या तासाव्या लागल्या. मग गाडी पुढून ठोकळ्यांवर उचलून घ्यावी लागली. आता गाडीचे तोंड वर झाले, मागे जरा वजन पडले की ती मागे कलून उलाळ होई आणि बैलाच्या गळ्याखालचा पट्टा आवळे. एकेक दुरुस्ती करता करता म्हातारा वैतागला.

शेवटी गाडी तळ्याभोवती फिरली. सारा गाव जमला होता. कांब वाजत गेली आणि प्रदक्षिणा पुरी झाली पस्तीस फेऱ्यांत.

मग गाडीवान मोठ्याने हसला. म्हणाला, बघा, चाळिसाचं तळं पस्तिसात! पाच फेरे वाचले! लोकांनीही टाळ्या वाजवल्या. ज्या गोष्टीने त्यांच्या पोटात गोळा यायला हवा होता, तिलाच ते वाहवा देत होते.

म्हाताऱ्या सुताराने मात्र गाडीवानाला बाजूला घेतले. "बाबा, चाक मोठं घेतलंस, तुझी हौस. पण चाक एकटं बदलत नसतं. खाडीत उतरण्याआधी चिंचोके नव्याने मोज."

"हो मामा, मोजतो की," गाडीवान म्हणाला. आणि त्याने ते उद्यावर टाकले.

उद्याचा परवा झाला. तिसऱ्या रात्री उशिरा, भरतीच्या वेळी पलीकडचा होडीवाला निरोप घेऊन आला. लेकीला कळा सुरू झाल्या होत्या आणि मूल आडवे होते. तिकडच्या बायकांनी हात टेकले होते. गावच्या सुईणीला घेऊन निघा, असा निरोप होता. होडीवाल्याला भरती उतरायच्या आत पुढच्या गावीही निरोप पोचवायचा होता, तो तसाच गेला, आणि गावात दुसरी होडी नव्हती. आता वाट पाहायची ती सकाळच्या ओहोटीची.

सुईण साठी उलटलेली, बुटकी, काटक बाई होती. अर्धा गाव तिच्या हातांवर जन्मला होता, गाडीवानसुद्धा. पहाटे ती गाठोडे घेऊन गाडीत बसली, तेव्हा गाडी मागे कलली आणि चांद्याने मान वर ताणली. गाडीवानाने तिला पुढे सरकून बसायला सांगितले.

धुके दाट होते. गाडी वाळूत उतरली. टक, टक, टक. गाडीवानाचे ओठ हलत होते. मनात लेक होती, पण बोटे चिंचोक्यावर होती. वडिलांनी शिकवले होते, खाडीत देवाचेही नाव घेऊ नये, नुसते मोजावे.

पाच चिंचोके पडले. आठ पडले. पाणी अजून लांब होते. सुईणीचेही ओठ हलत होते.

बारा चिंचोके पडले आणि त्यापुढे पाच टक वाजले, तोच चांद्या थांबला. त्याने उजवीकडे मान वळवली आणि खुर रोवून उभा राहिला. बैल दहा वर्षे ही वाट चालत होता. एखाद्या गोष्टीतला बैल असता तर इथे चार शहाणपणाच्या गोष्टी बोलला असता. हा बोलला नाही. बैलाला थांबता येते, तेवढे त्याने केले.

"चल रे, अजून दोन चिंचोके आहेत," म्हणत गाडीवानाने चाबूक ओढला. आयुष्यात त्याने चांद्याला मारले नव्हते, आज दोनदा मारले. बैल चालू लागला.

चौदावा चिंचोका करवंटीत पडला. गाडीवानाने सुटकेचा श्वास टाकला आणि गाडी उजवीकडे वळवली.

चार फेरे ठीक गेले. पाचव्याला चाकाचा आवाज बदलला. सहाव्याला कांब वाजलीच नाही. मागचा भाग खाली बसला, गाडी उलाळ झाली, पट्टा चांद्याच्या गळ्यात रुतला आणि त्याचे डोळे पांढरे झाले. गाडीवानाने उडी टाकली ती मांडीभर चिखलात. त्याने विळा काढला आणि पट्टा कापला. बैल धडपडत मागे वाळूकडे गेला. गाडीवानाने सुईणीला पाठुंगळी घेतले आणि त्याच्यामागोमाग कसाबसा वाळूवर आला. मागे वळून बघतो, तर गाडी तुंब्यापर्यंत खाली गेली होती.

दूर समुद्राच्या अंगाला बारीक खळखळ सुरू झाली होती. भरती लागली होती.

गाडीवानाला काही सुचेना. तो पुन्हा पुन्हा एकच म्हणत होता, मी चौदाच मोजले, एकही चुकला नाही, चौदाच मोजले.

सुईणीने त्याच्या दंडाला धरले. "मोजलेस रे. मी पण मोजत होते. मला सांग, तळ्याला फेरे किती झाले होते?"

"पस्तीस."

"आपले चाळीस, तुझे पस्तीस. चौदा चिंचोके म्हणजे सात तळी. एका तळ्यामागे पाच फेरे तू जास्त आलास. सात पंचे?"

"पस्तीस," गाडीवान म्हणाला, आणि मग त्याच्या ध्यानात आले. पस्तीस फेऱ्यांत आख्खे तळे होते. तो आख्खे एक तळे पुढे आला होता.

"पण मागे तरी कसं मोजायचं, आजी? चाक तर गेलं."

"अडलेल्या बायकांना त्या तळ्याभोवती चालवत चालवत माझे केस पिकले. एका तळ्याला माझी दोनशे पावलं. चल, बैलाची शेपटी धर, आणि माझ्याशी बोलू नकोस."

म्हातारी चालू लागली. वाळूवर पाणी पसरत होते. पन्नास पावलांना ते घोट्याला लागले, शंभराला पोटरीला. चाकांच्या खुणा कधीच पुसून गेल्या होत्या. गाडीवानाला वाटले, हिचा एक आकडा चुकला तर तिघांचा इथेच शेवट, आणि पलीकडे दोघांचा. त्याला बोलावेसे वाटत होते, माफी मागावीशी वाटत होती. तो बोलला नाही.

दोनशेव्या पावलाला म्हातारी थांबली. चांद्या तिच्या दोन हात पुढे जाऊन थांबला होता. त्याने पुन्हा उजवीकडची तीच बाजू धरली होती, फक्त आता ती डावीकडे आली होती, कारण ते परत फिरून आले होते.

गाडीवानाने म्हातारीला बैलाच्या पाठीवर बसवले आणि या वेळी दोरी सैल सोडली. चांद्या पाण्यात उतरला. खुरांखाली खडक वाजला. पाणी गुडघ्याला आले, मग कमरेला, मग छातीला. गाडीवान वशिंडाला धरून चालत राहिला. पलीकडच्या तीराची गवताची पाती हाताला लागली, तेव्हा मागे सगळी खाडी पाण्याने एक झाली होती.

घराच्या दारात विहीणबाई उभ्या होत्या. गाडी कुठे आहे, असे त्यांनी विचारले नाही. त्यांनी सुईणीचा हात धरून तिला आत नेले आणि दार लोटले.

गाडीवान ओल्या अंगाने अंगणात बसला. किती वेळ गेला, त्याला कळले नाही. आतून आधी काहीच ऐकू येईना. मग लेकीची एक किंकाळी आली आणि तिच्यामागून बारीक, चिडके रडणे.

बऱ्याच वेळाने विहीणबाई बाहेर आल्या. त्यांनी पाण्याचा तांब्या त्याच्यापुढे ठेवला आणि हलक्या आवाजात म्हणाल्या, "अजून थोडा उशीर झाला असता तर दोघंही हाती लागली नसती. पहाटेपासून तिने जोर धरला होता. धुक्यातून तुमची टकटक ऐकू येत होती ना. पडल्या पडल्या कान लावून होती, आवाज कुठवर आला ते ओळखत होती. वळायच्या जागेवरून आवाज पुढे गेला, आणि पुढेच जात राहिला. मग बंदच झाला. 'बाबा वळले नाहीत,' एवढंच म्हणाली, आणि तिने हातपाय सोडून दिले."

गाडीवानाने तांब्याला हात लावला नाही. खाली मान घालून तो आत गेला.

लेक पांढरीफटक पडली होती. कुशीत मुलगी होती. तिने डोळे उघडले आणि विचारले, "बाबा, किती मोजलेत?"

"चौदा."

"बरोबरच मोजलेत की मग."

"बरोबरच मोजले, बाळ," गाडीवान म्हणाला, आणि रडू लागला.

त्याची गाडी कधीच सापडली नाही. ओहोटीला एका मोठ्या चाकाचा वरचा घेर तेवढा चिखलातून डोकावे, पितळी कडी हिरवी पडलेली. त्यानंतर गावात कुणीही नवे चाक आणले की गाडीवान स्वतः तळ्यावर जाऊन बसे आणि फेरे मोजी. चाळीस भरले तर हात जोडून जाऊ देई. कमी भरले, तर गाडी अडवून मालकाला शेजारी बसवी आणि त्याच्याकडून खाडीचा सारा हिशोब पहिल्यापासून करून घेई. मोठी चाके घेऊ नका, असे तो कुणालाच म्हणाला नाही. पण त्याचा हिशोब पुरा झाल्याशिवाय कुणाची गाडी वाळूत उतरली नाही.

तात्पर्य: माप बदलले आणि मोजणी जुनीच ठेवली, तर बरोबर मोजणाराही बुडतो.